जोएलचा फ्लेक्स

मिलर्स बेंड
१० फेब्रुवारी २०२५

ताई,

तू मला फोनवर ब्लॉक केलंयस, व्हॉट्सअॅपवर केलंयस, आणि माझी चिन्मयी सांगते की इन्स्टावरही केलंयस, जिथे मी मुळात नाहीच. पोस्टमनला काही ब्लॉक करता येत नाही. म्हणून हे पत्र. फाडायचं असेल तर खुशाल फाड, पण आधी वाच.

भांडण मिटवायला लिहीत नाहीये. ते जिथल्या तिथे आहे. सिडनीत, तुझ्या कॅसल हिलच्या घराच्या हॉलमध्ये, आईच्या वर्षश्राद्धाला, सगळ्या पाहुण्यांसमोर तू मला जे बोललीस ते मी विसरलेले नाही. आणि मी आईच्या फोटोवर ओढणी टाकली ते तूही विसरली नसशील. राहू दे. आमच्याकडे एक फार वाईट गोष्ट घडलीये आणि ती मराठीत कोणाला तरी सांगितल्याशिवाय माझ्या घशाखाली घास उतरायचा नाही. नवऱ्याला काय सांगणार? मोहन इथेच आहे, त्यालाही घास उतरत नाहीये.

आमचा जोएल गेला.

तू आमच्याकडे आली होतीस तेव्हा त्याला पाहिलंयस. शिडीवर असायचा तो. दुकानात आम्ही बोर्ड बनवायचो, तो चढवायचा. तेवीस वर्षांचा, अॅबोरिजिनल, इथल्याच नदीकाठचा. माझी लसणाची चटणी तो नुसती ब्रेडवर घालून खायचा आणि म्हणायचा, "सू, तुझी लाल धूळ संपली." इथे सुखदा कोणाला म्हणता येत नाही, मी सगळ्यांची सू आहे.

गुरुवारी आर्वोला, भर दुपारी, सुपरमार्केटच्या मागच्या पार्किंगमध्ये तो मामाच्या यूटमध्ये बसला होता. दोन पोलिसांना वाटलं गाडी चोरीची आहे. विचारायचं ना मग! त्यांनी त्याला खाली ओढला, डांबरावर पालथा पाडला आणि वर बसले. त्या दिवशी इथे पायातली चप्पल डांबराला चिकटत होती. तो पाणी मागत होता. चेकआउटवरच्या पोरीने फोनवर सगळं घेतलंय, गावात प्रत्येकाने पाहिलंय, मी अर्धंच पाहू शकले. हॉस्पिटलला पोचायच्या आत गेला. पोलिसांचं म्हणणं, मेडिकल एपिसोड. आणि पेपरवाल्यांनी छापला कुठला फोटो, तर कधीतरी सतराव्या वर्षी त्याला पकडलं होतं तेव्हा पोलिसांनी काढलेला. डोळे सुजलेले, ओठ फुटलेला. बघणाऱ्याला वाटावं, असाच असणार.

आता चौकशी व्हायची ती म्हणे सिडनीत होणार. आमच्यापासून आठ तासांवर. त्याची आई मार्लीन डायलिसिसवर आहे, एक दिवसाआड गावच्या हॉस्पिटलात जाते. ती सिडनीला कशी राहील? म्हणजे तिच्या मुलाचं काय झालं हे ठरवणार, आणि तीच तिथे नसणार. आमच्या गावात चांगलं दगडी कोर्ट आहे, महिन्यातून एकदा मॅजिस्ट्रेट येतो, बाकी दिवस कबुतरं असतात. चौकशी तिथे करा, एवढंच तिचं मागणं आहे. त्यासाठी पुढच्या महिन्यात मोर्चा निघणार आहे.

मोहन म्हणाला, "आपण कशाला मध्ये पडायचं? पोलिस स्टेशनचा बोर्ड आपणच केलाय."

मी म्हटलं, "बोर्ड केलाय ना? मुंडकं नाही ना गहाण टाकलं?"

तर आता आम्हाला जे येतं ते आम्ही करतोय. चिंचवडला कोणी गेलं की दुसऱ्या दिवशी चौकात मोहनच्या हातचा फ्लेक्स लागायचा, आठवतं? जोएललाही तसाच मान मिळायला हवा. माझ्या फोनमध्ये त्याचा शिडीवर हसतानाचा फोटो आहे. पेपरवाल्यांच्या तोंडावर मारल्यासारखा, चांगला दुकानाच्या दर्शनी भागावर लावणार आहे. परवा लागेल.

सुखदा

मिलर्स बेंड
१३ फेब्रुवारी

ताई,

मागच्या पत्राची शाई वाळायच्या आत हे. ते पोचलं असेल तर विसर, मी त्यात फुशारकी मारलीये.

फ्लेक्स लागला. बुधवारी सकाळी. कसा होता सांगते, म्हणजे तुला पूर्ण कळेल तुझी बहीण काय लायकीची आहे. मधोमध त्याचा हसरा फोटो. त्याभोवती चंदनाचा हार, कॉम्प्युटरवरचा. दोन बाजूंना दोन समया. झेंडूची बॉर्डर. वर सोनेरी अक्षरात पूर्ण नाव, आणि त्याखाली भावपूर्ण श्रद्धांजलीचं इंग्रजी. आणि तळाशी, अगं ताई, तळाशी शोकाकुल म्हणून माझा आणि मोहनचा पासपोर्ट साइज फोटो! आपल्याकडे असतोच की गं. माझ्या मनात एका क्षणालाही आलं नाही की यात काही वावगं आहे. उलट मी रस्त्याच्या पलीकडे जाऊन बघून आले, छान दिसतोय का ते.

तेवढ्यात रेची गाडी आली. रे म्हणजे मार्लीनचा भाऊ, ज्याची ती यूट. मार्लीनला तो डायलिसिसहून घरी नेत होता. गाडी दुकानासमोरच्या चौकात, राउंडअबाउटवर थांबली ती थांबलीच. मागे दोन गाड्या खोळंबल्या, कोणी हॉर्न वाजवला नाही. पुढच्या सीटवर मार्लीनने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं आणि ती पुढे वाकली. काचा बंद होत्या तरी मला तिचा आवाज ऐकू आला.

रे उतरून आला. चिडला नव्हता, तो चिडला असता तर बरं झालं असतं. म्हणाला, "खाली काढ, सू. आत्ता, लव्ह."

मी विचारलं, "का? काय झालं?"

"आमच्यात गेलेल्याचा चेहरा दाखवत नाहीत. नाव घेत नाहीत. ती म्हणेपर्यंत नाही."

मोहन शिडी आणायला आत गेला. मला तेवढा धीर कुठला? मी उडी मारून खालचं टोक धरलं आणि ओढला. वरच्या रिंगा तुटल्या, माझं एक नख मुळापासून निघालं, पण आला खाली. मी तो छातीशी धरून फुटपाथवर बसले आणि गाडी निघून गेली.

चिन्मयीला वॉलॉंगॉंगला फोन केला, तिचं युनिचं लेक्चर चालू होतं. तिने बाहेर येऊन ऐकलं आणि पहिलं वाक्य काय, "मम! यू डिड व्हॉट?" मग म्हणाली, सगळ्यांची रीत एकसारखी नसते, कुठे काही महिने, कुठे वर्षानुवर्षं, घरचे लोक ठरवतात, त्यांना विचारायचं असतं. नर्सिंगला पहिल्याच आठवड्यात शिकवतात म्हणे. चौदा वर्षं मी या गावात राहते आणि मला माहीत नव्हतं. मग एकदम म्हणाली, "वेट. विथ युअर फोटो ऑन इट?" मी फोन ठेवला.

तुला हसू येत असेल. ये, मी तुझ्या जागी असते तर मलाही आलं असतं. पण मग जरा वेळाने तुला तेच आठवेल जे मला काल दिवसभर आठवतंय. तुझा हॉल. जेवणाच्या टेबलासमोर आईचा तो भला मोठा फोटो, हार घातलेला. माझ्या पानात तू वाढलेला आमटी-भात, आणि मी मान वर केली की आई. माझ्याच्याने बघवत नव्हतं गं. मी ओढणी टाकली ती तुझा अपमान करायला नाही, एक घास गिळता यावा म्हणून. ज्या बाईला स्वतःच्या आईचा चेहरा बघवला नाही, तिने दुसऱ्या आईच्या पोराचा चेहरा गावच्या चौकात टांगला. तिला बघवेल का हे विचारलंसुद्धा नाही. मला माझी इतकी लाज वाटतेय की आरशात बघून भांग पाडता येत नाहीये.

त्या मुलाचं नाव मी आता लिहिणार नाही. मागच्या पत्रात लिहिलंय ते तुझ्याकडेच ठेव, कोणाला दाखवू नकोस.

सुखदा

मिलर्स बेंड
२ मार्च

ताई,

तुझा मेसेज आला. दोन वर्षांनी. "फ्लेक्स उतरवलास का?" हो, उतरवला, मास्तरीणबाई. पत्र नीट वाचलं असतंस तर कळलं असतं. बरं वाटलं पण. ब्लॉक काढलास हे तुझ्या लक्षात आलंय ना, की चुकून निघाला?

मी तरीही पत्रच लिहिणार. फोनवर आपण दोघी तिसऱ्या वाक्याला भांडतो.

इथे मी वाट बघतेय. मला वाट बघता येत नाही, तुला ठाऊक आहे, कुकरची शिट्टीसुद्धा मला उशिरा वाटते. मी त्याच दिवशी डबा भरून मार्लीनकडे निघाले होते, पाया पडायला. चिन्मयीने फोनवरच अडवलं. "मम, तुला बरं वाटावं म्हणून तिच्या दारात जाऊ नकोस." कार्टीने जिभेवर तिखट ठेवलंय. आपल्यावर गेलीये, तुझ्यामाझ्या दोघींवर. पण खरं होतं, म्हणून गाडीतून उतरले आणि डबा आम्हीच खाल्ला.

मग रेला गाठलं, पेट्रोल पंपावर. चुकलं म्हटलं. तो म्हणाला, "सांगितलंय मी तिला. ती येईल, नाहीतर नाही येणार." एवढंच. आणि टायरमध्ये हवा भरायला लागला.

त्या बाजूचं, म्हणजे नदीकाठचं, कोणी दुकानात येत नाही. दुसऱ्या बाजूचेही येईनासे झालेत. फुटबॉल क्लबचा प्रेसिडेंट ग्रँट, ज्याच्या पोरांच्या जर्सीवरची नावंसुद्धा आम्ही छापतो, तो मोहनला म्हणाला, "मेट, यातून लांब राहा. तुम्ही चांगले लोक आहात." या सीझनचे बोर्ड त्याने दुसरीकडे दिले. त्याच्या मते आमचा फ्लेक्स म्हणजे पोलिसांविरुद्धचं काम होतं. म्हणजे बघ, ज्यांच्यासाठी केला त्यांना लागलं, आणि ज्यांच्याविरुद्ध केला नव्हता त्यांनाही लागलं. असं दुहेरी काम फक्त मलाच जमतं.

मोहन दोन दिवस मशीनला चिकटून बसला. मला वाटलं आता म्हणेल, चल, पॉइंट कुकला जाऊ, तिथे आपली माणसं आहेत. तिसऱ्या दिवशी म्हणाला, "चांगले लोक म्हणजे काय गं? गप्प बसणारे?" लग्नानंतर मी गप्प बसल्याची पहिलीच वेळ असेल.

आणि काल रे आला! टोपी काढून काउंटरवर ठेवली आणि म्हणाला मोर्चासाठी पाट्या हव्यात. मुलाचं नाव नाही, चेहरा नाही, नुसते शब्द. "चौकशी इथेच करा." करशील का, म्हणाला.

मी म्हटलं, "करेन. बॉर्डर कसली हवी?" सवयच आहे ती तोंडाची.

रे माझ्याकडे बघत राहिला. "फुलं नकोत, सू," म्हणाला. "आणि तुझा फोटोही नको."

मला वाटलं जमीन दुभंगावी. मग बघते तर तो हसत होता. अगदी थोडं, एका गालात. मीही हसले आणि मग रडायलाच लागले, तर तो म्हणाला, "नो वरीज, नो वरीज," आणि टोपी घालून पळाला.

पाट्या करतोय. पांढऱ्यावर काळं. पोलिसांनी मोर्चाला हरकत घेतलीये, म्हणे पुलावरून नको, ओव्हलच्या मैदानामागून जा, जिथे मेंढ्यांशिवाय बघायला कोणी नसतं. प्रकरण कोर्टात गेलंय.

तो फ्लेक्स गुंडाळून मागच्या खोलीत उभा आहे. टाकवत नाही आणि उघडवत नाही.

नखाला नवीन फुटतंय. तू विचारलं नाहीस, तरी सांगते.

सुखदा

मिलर्स बेंड
१६ मार्च

ताई,

ती आली.

शुक्रवारी सकाळी दुकान उघडत होते तर दारात मार्लीन. एकटी. हाताला ती पट्टी, डायलिसिसची. मी "ये" म्हटलं की "बस" म्हटलं आठवत नाही. ती स्टुलावर बसली, ज्यावर तो बसायचा. मोहन मशीन बंद करून आला आणि दोघं नुसते उभे राहिलो.

ती म्हणाली, "तो शिडीवरचा फोटो. तू काढलास?"

"हो."

"तो तुला हसतोय का?"

मी म्हटलं, "मी त्याच्यावर ओरडत होते. दोन्ही हातांनी धर म्हणून. तो एक हात सोडून मला टाटा करत होता."

ती हसली, ताई. तोंडावर हात ठेवून हसली आणि तसंच डोळ्यांतून पाणी. "हा तोच," म्हणाली. "असाच होता." मग विचारलं, "ती लाल धूळ आहे का अजून?" मी आतून बरणी आणली. ब्रेड नव्हता. तिने बोटानेच चाटली, आणि ठसका लागला, मग मोहन पाण्यासाठी धावला. चांगली पाचेक मिनिटं आमचा तोच गोंधळ.

मग ती सरळ बसली. म्हणाली, "पेपरवाल्यांनी मला विचारून तो फोटो छापला नाही. आख्ख्या देशाने त्याला तसा पाहिलाय. आता मला वाटतं त्यांनी हा पाहावा. मोठा. नावासकट." घरातल्या म्हाताऱ्या आत्यामावश्यांना ते पटलेलं नाही, तिने त्यांच्याशी बसून बोलून घेतलंय. "तेव्हा माझी वेळ नव्हती, सू. आता आहे. आणि ते मी सांगायचं असतं, बाकी कोणी नाही."

मी म्हटलं, "मला माफ कर."

तिने माझा हात धरून नख पाहिलं. "तू उतरवलास ना," म्हणाली. "मी पाहिलं गाडीतून. शिडीशिवाय." बस्स.

तर आता लिहिते. जोएल. जोएल. जोएल. किती दिवस तोंडात धरून ठेवलं होतं हे नाव.

मोहनने स्क्रीनवर फोटो घेतला. हार नाही, समया नाही, काही नाही. तो, शिडी, आभाळ, आणि खाली नाव. पण एक अडचण आली. कोर्टाने पूल दिलाय, मोर्चा हमरस्त्याने, पुलावरून, पोलिस स्टेशनवरून कोर्टापर्यंत जाणार. आणि आमचा पूल म्हणजे वारा. मोठ्या फ्लेक्सला वाऱ्यासाठी अर्धचंद्रासारखी भोकं पाडावी लागतात, त्यातून वारा निघून जातो. नाहीतर त्याचं शीड होतं आणि धरणारा माणूस नदीत. मोहनने नेहमीप्रमाणे खुणा केल्या. एक गालावर आली. एक गळ्यावर.

मार्लीन स्क्रीनकडे बघत होती. त्या व्हिडिओत जोएलच्या गळ्यावर काय होतं ते तिलाही माहीत आहे आणि आम्हालाही.

मोहनने खुणा पुसल्या. माझा मोहन, जो सोसायटीच्या मीटिंगला सुद्धा मागच्या खुर्चीवर बसायचा. म्हणाला, "नो होल्स."

रे मागून आला होता, तो म्हणाला, "मेट, पुलावर तो उडेल."

"मग जास्त माणसं लागतील," मोहन म्हणाला. "एक टोक मी धरतो."

शनिवारी मोर्चा आहे. तुला ये म्हणत नाही. तुझ्या गुडघ्याला आठ तास ड्राइव्ह झेपणार नाही, आणि मोर्चात जाणाऱ्यांबद्दल तुमच्या मंडळाच्या ग्रुपवर काय बोलतात ते मला चिन्मयीकडून कळतं. फक्त त्या दिवशी सकाळी आमची आठवण काढ.

सुखदा

मिलर्स बेंड
२३ मार्च

ताई,

तुझा मेसेज वाचला. "टीव्हीवर दिसलीस. ओरडत होतीस." होते! का ओरडत होते ते टीव्हीवाल्यांनी दाखवलं का? नसणारच.

सुरुवातीला आम्ही फार नव्हतो. जोएलचे घरचे, नदीकाठची सगळी वस्ती, शेजारच्या दोन गावांतले त्यांचे नातेवाईक, शाळेतल्या दोन टीचर, हॉस्पिटलच्या नर्सेस, चिन्मयी आणि तिच्या युनिच्या मैत्रिणी. बाकी गाव फुटपाथवर. हाताची घडी घालून, टोप्या डोळ्यांवर ओढून. विरोधात नाहीत, बाजूने नाहीत, नुसते बघताहेत. आपल्याकडे अपघात झाला की असतात ना, तसे.

मार्लीन सर्वांत पुढे. तिच्यामागे फ्लेक्स. एका टोकाला रे, एका टोकाला मोहन, मध्ये जोएलचे दोन चुलतभाऊ. हमरस्त्यावर ठीक होतं. पुलावर पाय ठेवला आणि नदीवरून जो वारा आला! फ्लेक्स असा फुगला की जोएलचा चेहरा आभाळाकडे गेला. रे मागे खेचला गेला. मोहनच्या पायातली चप्पल सुटली आणि तो टाचांवर घसरत कठड्याकडे चालला. मोर्चा थांबला. मार्लीन मागे वळून बघत होती, तिच्या तोंडावर तेच, गाडीतलं. मला वाटलं आता हा फाटणार, तिच्या डोळ्यांदेखत, मधोमध.

मग मी ओरडले. इंग्रजी आठवलंच नाही गं. फुटपाथकडे बघून मराठीत, पोटातून, "अहो, बघत काय बसलात! धरा की! धरा त्याला!"

कोणाला एक अक्षर कळलं नसेल. पण कळलं. सुपरमार्केटची ती चेकआउटवाली पोर पहिली आली, व्हिडिओ काढणारी, आणि तिने खालची कड दोन्ही मुठीत धरली. मग केमिस्ट. मग त्याची बायको. मग कोण कोण, मला मोजायला वेळ नव्हता, मी स्वतः लोंबकळत होते. आणि बघते तर माझ्या शेजारच्या रिंगेत बोट अडकवून ग्रँट उभा. क्लबचा ग्रँट. लालबुंद झालेला, वारा पेलत.

माझ्याकडे न बघता म्हणाला, "याचा अर्थ काही नाही, सू. ज्युनियर्समध्ये माझ्याकडे खेळायचा तो."

मी म्हटलं, "अर्थ राहू दे. घट्ट धर."

धरला त्याने. पूल संपेपर्यंत धरला, आणि पूल संपल्यावरही सोडला नाही. भोकं असती ना ताई, तर चार माणसांनी आरामात नेला असता. बाकीचे हाताची घडी घालून घरी गेले असते.

पोलिस स्टेशनवरून गेलो. आमचाच बोर्ड वर. सार्जंट पायरीवर उभा होता, खाली बघत. मार्लीन तिथे थांबली. घोषणा नाही, शिवी नाही. तिने फक्त मुलाचं नाव घेतलं, मोठ्याने. मग आम्ही सगळ्यांनी घेतलं. रस्ताभर, पार मागच्या माणसापर्यंत. दरवेळी नाव आलं की सार्जंटची मान थोडी वर यायची, आणि शेवटी त्याने फ्लेक्सकडे पाहिलं. त्याच्या मनात काय होतं मला माहीत नाही, मी काही देव नाही. पण पाहिलं.

कोर्टाच्या पायऱ्यांवर वारा नव्हता. जोएल तिथे नीट पसरला, एक हात सोडून टाटा करत. घरातल्या ज्या म्हाताऱ्या आत्या नको म्हणत होत्या त्या लांब झाडाखाली पाठ करून बसल्या होत्या, त्यांच्या रीतीने. पण आल्या होत्या. कोणी त्यांना वळा म्हटलं नाही.

मोहनची चप्पल नदीत गेली. एकच. दुसरी त्याने जपून घरी आणलीये, का ते विचारू नकोस.

सुखदा

मिलर्स बेंड
२ मे

ताई,

चौकशी इथे होणार! आजच कळलं. ऑगस्टमध्ये, आमच्याच दगडी कोर्टात, आणि मार्लीनच्या डायलिसिसचे दिवस सोडून. रे दुकानात येऊन सांगून गेला, तोही ओरडत, मराठीत नव्हे एवढंच. मोहनने मशीनचं चालू काम बिघडवलं, इतका उडाला. कौन्सिल आता कबुतरांचा बंदोबस्त करतंय.

निकाल काय लागेल कोणी सांगावं? असल्या चौकश्यांचं आजवर काय होत आलंय ते इथे शेंबड्या पोरालाही माहीत आहे. मार्लीन म्हणते, काहीही लागू दे, पण मला तोंडावर सांगावं लागेल त्यांना. मी समोर बसलेली असेन. आज सकाळी ती आली होती, आता दर शुक्रवारी येते. बरणी रिकामी करून जाते. डॉक्टरने मीठ कमी कर म्हटलंय म्हणून तिची वेगळी चटणी करते मी, आणि ती दोन्ही खाते.

फ्लेक्स तिच्या घरी आहे, गुंडाळलेला. ऑगस्टमध्ये परत उघडेल. मग कायमचा मिटून ठेवणार म्हणाली, किंवा नाही ठेवणार, तेव्हाचं तेव्हा ठरवेन.

आता तुझं-माझं. तू इतक्या दिवसांत मला चार मेसेज केलेस आणि एकातही आईचं नाव घेतलं नाहीस. मीही घेतलं नसतं. पण मार्लीनच्या घरी तिच्या आत्या पाठ करून बसतात आणि ती फोटो बघते, आणि संध्याकाळी सगळ्या एकाच टेबलावर जेवतात. आपल्याला का गं जमलं नाही? तुला आई रोज समोर हवी होती. मला ती समोर आली की श्वास अडकायचा. मी ओढणी टाकताना तुला विचारायला हवं होतं, ताई. आणि तूही मला जेवायला बसवताना एकदा विचारायचंस, सुखू, तुला चालेल ना? माझं म्हणणं अजूनही तेच आहे, ते मी मागे घेणार नाही.

पण माझी वेळ आता झाली आहे. कधी झाली कळलं नाही. परवा चटणी कुटताना आईचे हात आठवले, आणि वाटलं, चेहरा बघावा. माझ्याकडे एकही फोटो नाही. मीच ठेवला नव्हता.

तेव्हा तो घेऊन ये. ट्रेनने ये, गुडघ्याला त्रास नको, स्टेशनवर मोहन येईल, त्याने नवीन चप्पल घेतलीये. तोच मोठा आण, हॉलमधला. तुझी भिंत रिकामी राहत असेल तर मोहन तुला नवीन प्रिंट काढून देईल, फुलंबिलं काही न घालता. चंदनाचा हारही आण. नको म्हणणार होते, पण आई तुझीही आहे.

खिळा ठोकून ठेवलाय. जेवणाच्या टेबलासमोरच.

सुखू